लुकलुक

दिवाळी पंधरा दिवसांवर आली की आमच्या घरात आवराआवरीला प्रारंभ होतो आणि माझे व्यायामाचे वेड एकाएकी बळावते. इंदिरानगरचा जॉगिंग ट्रॅक हा आम्हा निवृत्त मंडळींचा मोठाच आधार आहे. घरात फडके किंवा केरसुणी आपल्या हाती पडण्याचा संभव दिसला, की पायांत बूट चढवावेत आणि तिकडची वाट धरावी. दोन फेऱ्या चालावे, अर्धा तास बाकावर बसावे, आणि घरी येऊन चार फेऱ्यांइतके दमल्याचे सांगावे. गेल्या दिवाळीच्या आधीही मी हेच केले. पण त्या खेपेस माझा डाव माझ्यावरच उलटला. मी बाकावर बसलो असताना इकडे सौभाग्यवतीने माझ्या कपाटाला हात घातला.

परत येऊन पाहतो तो कपाटातला सगळा ऐवज पलंगावर मांडलेला. विम्याचे कागद, तीन जुने चश्मे, निवृत्तीच्या दिवशी मिळालेले आणि त्याच महिन्यात बंद पडलेले घड्याळ, आणि या सगळ्यांच्या वर, मुद्दाम ठेवल्यासारखी, एक सीडी.

“अहो, ही अजून तुमच्याकडेच?” सौ. म्हणाली.

एवढेच म्हणाली. पण एवढ्या वर्षांच्या संसारात मला एक कळून चुकले आहे. ती भांडली तर काळजीचे कारण नसते. ती एकच वाक्य बोलून स्वयंपाकघरात निघून गेली, तर मात्र आपले काही तरी चुकले आहे असे खुशाल समजावे.

त्या सीडीची हकीकत सांगितली पाहिजे. १९९८ साली आम्ही घरात संगणक घेतला. तो अभ्यासासाठी आहे, असे मी घरात सर्वांना बजावून सांगितले होते. आणि ज्या अर्थी मी ते इतक्या वेळा सांगत होतो, त्या अर्थी तो कशासाठी वापरला जात होता हे वाचकांच्या ध्यानात आलेच असेल. चिरंजीवांच्या मामाने मुंबईहून ‘एज ऑफ एम्पायर्स’ नावाच्या खेळाची सीडी आणून दिली. हा खेळ १९९७ चा. अमेरिकेत टेक्सासमधल्या एन्सेंबल स्टुडिओज या मंडळींनी तो रचलेला. सुरुवातीला तुमच्यापाशी चार-दोन माणसे असतात. त्यांनी बोरे गोळा करायची, हरणे मारायची, लाकडे तोडायची, घरे बांधायची. आणि अश्मयुगापासून लोहयुगापर्यंत चढत जाऊन साम्राज्य उभे करायचे. मिसरी, ग्रीक, बाबिलोनी अशा बारा संस्कृती त्यात होत्या. मला या खेळाची एवढी माहिती कशी, असे कोणी विचारील. तर खरे सांगायचे म्हणजे रविवारी दुपारी मुलाच्या खुर्चीमागे उभा राहून, “त्या माणसाला लाकडे तोडायला पाठव की, रिकामा उभा आहे,” असे मीच सांगत असे. कारखान्यात फोरमन होतो. रिकामा माणूस मला खेळातसुद्धा पाहवत नसे.

त्यात एक पुरोहित असे. तो हात उंचावून ‘वोलोलो’ असे काही तरी म्हणे, आणि समोरचा शत्रू आपला रंग बदलून आपल्या बाजूला येई. या पुरोहिताने आमचे सबंध घर जिंकले होते. भाजी आवडली नाही आणि मुलगा रुसला, की त्याची आईसुद्धा पळी उंचावून ‘वोलोलो’ म्हणे, आणि तो हसत जेवायला बसे.

मग १९९९ चा डिसेंबर आला. मुलगा दहावीत. सराव परीक्षेत गणिताचे गुण घसरले. मी सीडी काढून घेतली आणि माझ्या कपाटात ठेवली. “परीक्षा झाली की देईन,” असे म्हणालो. मार्च २००० मध्ये परीक्षा झाली. तेव्हा म्हणालो, “निकाल लागू दे.” निकाल लागला. माझ्या मनात एक आकडा होता, त्याला मिळाला तो त्याहून चार-पाच टक्क्यांनी कमी होता. मी म्हणालो, “आता बारावीनंतर बघू.” त्यानंतर त्याने पुन्हा कधी विचारले नाही. मला वाटले, विसरला. बारावी झाली, पदवी झाली, बंगळूरची नोकरी झाली, लग्न झाले. तो जुना संगणक भंगारवाल्याच्या हातगाडीवर चढून गेला. सीडी मात्र माझ्या खालच्या खणात विम्याच्या कागदांखाली तशीच राहिली.

हे सगळे मी कदाचित पुन्हा खणात ढकलून दिले असते. पण आदल्याच आठवड्यात बंगळूरहून फोन आला होता. नातू दहा वर्षांचा आहे. सहामाहीत त्याला गणितात गुण कमी पडले, म्हणून चिरंजीवांनी त्याचा टॅब काढून घेऊन कपाटात ठेवला होता. “कधी देणार?” असे मी सहज विचारले. पलीकडून उत्तर आले, “बघू. वार्षिक परीक्षा होऊ दे.” आवाज त्याचा होता, शब्द माझे होते. फोन ठेवल्यावर मी बराच वेळ तसाच बसलो होतो.

दिवाळीला तिघे येणार होते. मी मनाशी ठरवले की ही सीडी त्याला परत द्यायची. आणि नुसती चकती हातावर ठेवायची नाही, तर खेळ चालू करून द्यायचा. जी वस्तू चालू स्थितीत घेतली, ती चालू स्थितीतच परत केली पाहिजे. कारखान्यातल्या हत्यारांच्या खोलीचा हाच नियम होता, आणि तो मीच भिंतीवर लावला होता.

पहिली अडचण अशी की आमच्या नव्या संगणकाला सीडी घालायला तोंडच नाही. एम. जी. रोडला जाऊन बाहेरून जोडायचा सीडी ड्राइव्ह आणला. चकती फिरायला लागली तसा माझा जीव खालीवर होऊ लागला. पंचवीस वर्षे पडून राहिलेली वस्तू! पण ती चकती मोठी इमानी निघाली. खेळ यंत्रात उतरला. मी तो सुरू केला. ओळखीचे संगीत वाजले, ओळखीचे चित्र आले, आणि लुकलुकायला लागले.

लुकलुकायला म्हणजे कसे? पावसाळ्यात स्टार्टर गेलेली ट्यूब करते तसे. चित्र येई, जाई. काळा पडदा येई, पुन्हा चित्र. माऊस हलवला की जास्त. दोन मिनिटे पाहिले आणि डोळे मिटून घेतले. असला खेळ मुलाच्या पुढ्यात ठेवणे म्हणजे उसना घेतलेला आरसा फोडून परत करण्यासारखे होते.

आता लुकलुकणे हा काही मला अपरिचित विषय नव्हे. सातपूरच्या औद्योगिक वसाहतीत लेथच्या खात्यात माझी सारी नोकरी गेली. जुन्या चोकची ट्यूबलाइट दर सेकंदाला शंभर वेळा मंदावते. कारण आपली वीज सेकंदाला पन्नास आवर्तने करते आणि प्रत्येक आवर्तनात दोनदा शून्यावर येते. डोळ्याला ते कळत नाही. पण तीन जबड्यांचा चक मिनिटाला दोन हजार फेऱ्यांनी फिरत असला, तर दर झपकीला एका जबड्याच्या जागी नेमका पुढचा जबडा आलेला असतो, आणि अख्खा चक थांबल्यासारखा दिसतो. नवखा पोरगा हात पुढे करतो. म्हणून शेजारशेजारच्या ट्यूबा विजेच्या वेगवेगळ्या फेजवर जोडायच्या असतात. एक मंदावली तरी दुसरी उजळ असते. हे मी शिकाऊ मुलांना वर्षानुवर्षे सांगत आलो. डोळ्याला जे थांबलेले दिसते, ते थांबलेले असेलच असे नाही. हे वाक्य मी यंत्रांपुरते वापरीत असे, हे मला आता जाणवते.

तेव्हा मी कारखान्यातल्या पद्धतीने कामाला लागलो. आधी वीज पाहिली, मग वायर, मग पडदा. खेळ बंद करून बाकी सगळे चालवून पाहिले. नातवाचे फोटो लुकलुकत नव्हते, बातम्या लुकलुकत नव्हत्या. म्हणजे पडदा निर्दोष, वायर निर्दोष. रोग खेळ आणि यंत्र यांच्या मध्ये कुठे तरी होता. मग खेळाच्या चिन्हावर उजवी कळ दाबून, जुन्या विंडोजचे सोंग घ्यायला सांगणाऱ्या ज्या चौकटी असतात, त्यांत एकेक खूण करीत गेलो. विंडोज ९५ सारखे वाग. दोनशे छप्पन्न रंग वापर. पडदा लहान कर. प्रत्येक खुणेसरशी लुकलुकण्याची तऱ्हा तेवढी बदले. लुकलुकणे जात नसे.

दुसऱ्या दिवशी सकाळी फेऱ्या मारतानाही डोळ्यांपुढे तेच. आमच्या इंदिरानगरातून पांडवलेण्यांचा डोंगर दिसतो. त्याच्या पायथ्याशी महापालिकेने उभारलेले दादासाहेब फाळक्यांचे स्मारक आहे. फाळके आमच्या जिल्ह्याचे. १८७० साली त्र्यंबकेश्वरला जन्मले, १९४४ साली नाशकातच वारले. त्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी मुंबईत कॉरोनेशन थिएटरात लागला. त्या आधी चलच्चित्राचे मर्म शिकण्याच्या ध्यासाने त्यांनी डोळ्यांवर इतका ताण दिला होता, की काही काळ त्यांची दृष्टीच गेली आणि उपचारांनी परत आली. तो डोंगर पाहता पाहता मला सिनेमाच्या यंत्रातली एक गंमत आठवली. फितीवरचे एक चित्र सरकून दुसरे जागेवर येईपर्यंत प्रकाश अडवावा लागतो. त्यासाठी भिंगापुढे एक पाते फिरते. पण चित्रागणिक एकदाच अंधार केला, तर डोळ्याला तो टोचतो आणि पडदा लुकलुकतो. म्हणून पात्याला आणखी एक-दोन पाकळ्या लावतात आणि चित्र स्थिर असतानाही मध्येच अंधार करतात. बोलपटात सेकंदाला चोवीस चित्रे असली, तरी पडद्यावर अठ्ठेचाळीस वेळा उजेड पडतो. लुकलुकणे घालवले ते अंधार नाहीसा करून नव्हे, तर अंधाराचे तुकडे बारीक करून. मला ही युक्ती नेहमीच फार माणुसकीची वाटत आली आहे. घरातले रुसवेसुद्धा असेच असावेत. पुष्कळ असले तरी चालतील, पण प्रत्येक अगदी लहान असावा. एकच मोठा असला की तो डोळ्यांत भरतो.

घरी आलो तो अंगणात सौ. आणि शेजारची मुलगी रांगोळीचा बेत करीत बसल्या होत्या. ही मुलगी इंजिनिअरिंगच्या शेवटच्या वर्षाला आहे. मी माझे दुःख तिच्या कानावर घातले. ती म्हणाली, “आजोबा, या खेळाची नवी आवृत्ती २०१८ मध्येच निघाली आहे. ती घ्या. चित्रं केवढी तरी सुरेख आहेत तिची.”

“मला सुरेख नको,” मी म्हणालो. “मला हीच हवी.”

तिने माझ्याकडे पाहिले, मग सौ. कडे पाहिले. काय समजायचे ते समजली असावी. हात झटकून ती संगणकापुढे येऊन बसली.

तिने मला जे समजावून सांगितले, ते मी माझ्या शब्दांत सांगतो. त्या काळच्या खेळात पडद्यावरच्या प्रत्येक ठिपक्याचा रंग लिहिलेला नसे, नुसता एक आकडा असे, शून्यापासून दोनशे पंचावन्नपर्यंत. कोणत्या आकड्याचा कोणता रंग, याचा तक्ता वेगळा. “काकूंच्या रांगोळीच्या वाट्यांसारखं,” ती म्हणाली. “ठिपक्यापाशी तीन लिहिलं आहे, आणि तीन नंबरच्या वाटीत हिरवा आहे. पण कोणी तिसरीच पूड त्या वाटीत ओतली, तर झाडं जांभळी.” विंडोज ७ च्या काळात, म्हणजे २००९ नंतर, या खेळात खरेच असे होई; गवत लाल, पाणी जांभळे दिसे. डेस्कटॉप सांभाळणारा एक्सप्लोरर तेवढ्यापुरता बंद करून खेळ सुरू करणे, हा तेव्हाचा उतारा होता. आम्ही तोही करून पाहिला. आमच्या लुकलुकीवर त्याचा काही परिणाम झाला नाही.

खरा घोटाळा दुसरीकडे होता. १९९७ चा खेळ पडदा सर्वस्वी आपल्या मालकीचा आहे असे धरून चालतो. डायरेक्टड्रॉ नावाच्या वाटेने तो थेट पडद्यावर लिहितो. तेव्हा ते योग्यच होते. दुसरे लिहिणारे कोणी नसे. पुढे पद्धत बदलली. आता यंत्रात एक व्यवस्थापक बसलेला असतो. प्रत्येक कार्यक्रमाने आपले चित्र त्याच्या हाती द्यायचे, आणि त्याने सगळी चित्रे जुळवून एकच अखंड चित्र पडद्यावर पाठवायचे. २०१२ च्या विंडोज ८ पासून तर या व्यवस्थापकाला रजेवर पाठवायचीही सोय उरली नाही. आणि दोनशे छप्पन्न रंगांची जुनी पद्धतही खरी न राहता तिचे नुसते सोंग वठवले जाऊ लागले. मग होते काय, की खेळ आपल्या जुन्या वाटेने लिहीत असतो आणि व्यवस्थापक आपल्या वेळेला आपले चित्र पुढे करतो. दोघांचे वेळापत्रक जुळत नाही. एकदा याचे दिसते, एकदा त्याचे. तीच ती लुकलुक.

“म्हणजे चूक कोणाची?” मी विचारले.

“कोणाचीच नाही, आजोबा. दोघंही आपापल्या काळाप्रमाणे बरोबर वागताहेत.”

सौ. शेवया मोडीत आमच्या मागे बसली होती. ती काही बोलली नाही. पण शेवया मोडायची थांबली, एवढे मला ऐकू आले.

“अशा दोघांच्या मध्ये एक दुभाष्या बसवावा लागतो,” मुलगी म्हणाली. “त्याचं नाव सीएनसी-डीड्रॉ.”

मी खुर्चीतल्या खुर्चीत ताठ झालो. सीएनसी! संगणकाच्या हुकमावर चालणाऱ्या लेथना आम्ही सीएनसी म्हणतो. आमच्या खात्यात पहिले सीएनसी यंत्र आले, तेव्हा त्याला हार घालून नारळ मीच फोडला होता. मी तिला म्हणालो, “हे माझ्याच खात्यातलं निघालं की!” ती हसू दाबीत म्हणाली की, नाही, ‘कमांड अँड कॉन्कर’ नावाचा दुसरा एक जुना खेळ आहे, त्याची ही आद्याक्षरे. त्या खेळासाठी म्हणून हा दुभाष्या लिहिला गेला, आणि पुढे इतर पुष्कळ खेळांच्या उपयोगी पडू लागला. तो विनामूल्य आहे आणि त्याची घडण कोणालाही उघडून पाहता येते. जुन्या खेळांवर जीव असणारी माणसे अशी हत्यारे तयार करतात आणि सर्वांसाठी ठेवून देतात. दुरुस्ती करून हत्यार जागेवर ठेवणारी माणसे अजून जगात आहेत, हे ऐकून माझ्यातल्या फोरमनला बरे वाटले.

त्याची युक्तीही मोठी सोपी आहे. खेळ सुरू होताना आपल्याला लागणारी मदतनीस फाइल तो आधी स्वतःच्या घरात, म्हणजे आपल्याच फोल्डरमध्ये शोधतो. तिथे मिळाली नाही तर यंत्राच्या मुख्य भांडारात जातो. दुभाष्याची फाइल त्याच नावाची, डीड्रॉ.डीएलएल. ती खेळाच्या फोल्डरमध्ये ठेवून द्यायची. खेळाला वाटते, हाच आपला जुना ओळखीचा माणूस. तो जुन्या भाषेत सांगतो. दुभाष्या ते ऐकून घेतो, पुरे चित्र तयार करतो आणि नव्या पद्धतीने व्यवस्थापकाच्या हाती देतो. खेळातले एक अक्षरही बदलावे लागत नाही, आणि यंत्रातलेही नाही.

फाइल ठेवली. खेळ सुरू केला. लुकलुक तशीच!

मुलगी विचारात पडली. मग तिने खेळाच्या चिन्हावर उजवी कळ दाबली, आणि माझ्या खुणांची ती सगळी रांग उघडी पडली. विंडोज ९५ सारखे वाग. दोनशे छप्पन्न रंग. पडदा लहान. “आजोबा, हे सगळं तुम्ही केलंत?” तिने विचारले. मी मान हलवली. “या खुणांमुळे यंत्र आपली जुनी सोंगं पुन्हा मध्ये घालतं. दुभाष्याला बोलायला जागाच राहत नाही. आधी हे काढायला हवं.”

एकेक खूण मी स्वतःच काढली. रोग घालवण्यासाठी मी केलेले सारे उपाय शेवटी रोगातच जमा झाले होते. निगुतीने, चांगल्या हेतूने केलेले उपाय! शेवटची खूण पुसताना मला दहावीच्या निकालाचा तो दिवस आठवला.

खेळ पुन्हा सुरू केला. संगीत वाजले. चित्र आले आणि थांबले. माऊस हलवला, चित्र जागचे हलले नाही. दुभाष्याच्या मांडणीत आम्ही चित्राचे मूळ प्रमाण राखायला सांगितले होते, त्यामुळे नव्या रुंद पडद्यावर दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या राहिल्या आणि मधे ते जुने चौकोनी जग उभे राहिले. हिरवे गवत, बोरीची झुडपे, आणि एक माणूस, काही काम न सांगितलेला, रिकामा उभा.

“त्याला लाकडं तोडायला पाठवा,” मागून सौ. म्हणाली.

धनत्रयोदशीला मंडळी आली. संध्याकाळी फराळ झाल्यावर मी चिरंजीवांना आतल्या खोलीत बोलावले आणि काही न बोलता खेळ सुरू केला. संगीताचे पहिले सूर वाजले तसा तो दारातच थबकला. मग हळूच येऊन खुर्चीवर बसला. चाळिशीचा माणूस, कानांवर केस पिकू लागलेले. पण माऊसवर हात ठेवताना खांदे पुढे काढायची ती लकब तश्शीच. नातू धावत आला, पडद्याकडे पाहून म्हणाला, “शी! किती जुनं आहे हे!” आणि बापाच्या मांडीवर चढून बसला तो उठेना.

“बाबा, ही कुठं मिळाली?” मुलाने पडद्यावरची नजर न काढता विचारले.

“माळ्यावर,” मी म्हणालो. “आवराआवरीत सापडली.”

हे खोटे होते. इतके दिवस मनात जुळवलेले चांगले वाक्य ऐन वेळी घशात अडकले आणि तोंडातून हे बाहेर पडले. तो थोडा वेळ खेळत राहिला. एका माणसाला बोरे गोळा करायला धाडले, दुसऱ्याला घर बांधायला. मग सहज म्हणावे तसा म्हणाला, “माळ्यावर नव्हती. तुमच्या कपाटात होती. खालच्या खणात, विम्याच्या कागदांखाली.”

मी गप्प.

“बारावीत असताना पाहिली होती मी. फॉर्मसाठी तुमची सही हवी होती, पेन शोधत होतो.”

“मग घेतली का नाहीस?”

“तुम्ही देणार होतात ना,” तो म्हणाला. “म्हणून थांबलो.”

त्याच्या आवाजात राग नव्हता. राग असता तर बरे झाले असते. रागाला उत्तर देता येते. मी पंचवीस वर्षे समजत होतो की तो विसरला. डोळ्याला जे थांबलेले दिसते, ते थांबलेले असेलच असे नाही, हे शिकाऊ पोरांना सांगणारा मी. आणि माझ्याच घरात एक गोष्ट इतकी वर्षे फिरत होती, ती मला थांबलेली दिसत होती.

“चुकलंच माझं,” मी म्हणालो. “तेव्हाच द्यायला हवी होती. निकालाशी तिचा काय संबंध?”

त्याने वळून पाहिले. आमच्या पिढीचे बाप हे वाक्य मुलांसमोर फारसे म्हणत नाहीत. त्यामुळे ते मला नीट म्हणता आले की नाही, कोण जाणे. तो काही बोलला नाही. पण पडद्यावर तेवढ्यात शत्रूचा पुरोहित आला, हात उंचावून ‘वोलोलो’ म्हणाला, आणि आमचा एक शिपाई रंग बदलून पलीकडे गेला. नातू खदखदून हसला. स्वयंपाकघरातून दुसरा ‘वोलोलो’ ऐकू आला, सौ. ने पळी उंचावली असणार याबद्दल मला शंका नाही. आणि मग चिरंजीवही हसले. खूप हसले. डोळे पुसावे लागले इतके हसले.

थोड्या वेळाने नातवाने संधी साधली. “बाबा, माझा टॅब कधी देणार?”

“बघू,” असे म्हणण्यासाठी त्याचे ओठ उघडलेले मी पाहिले. तो ‘ब’ मला अगदी स्पष्ट दिसला. मग त्याची नजर माझ्याकडे वळली. तो क्षणभर थांबला आणि म्हणाला, “भाऊबिजेला. संध्याकाळी पाच वाजता. तोवर तुझी सात, आठ आणि नऊची उजळणी मला म्हणून दाखवायची.”

“आणि नाही आली तर?”

“तरी देईन. उजळणी पुन्हा करू.”

मी उठून बाहेर अंगणात आलो. सौ. ने रांगोळीभोवती पणत्या लावल्या होत्या. पांडवलेण्यांकडून वारा येत होता आणि एकेक पणती लुकलुकत होती. विझेलसे वाटे आणि पुन्हा उभी राही. कारखान्यातली सवय जात नाही. मी सहज वाकून एका पणतीला हाताचा आडोसा केला. मग हात काढून घेतला. ती तशीच जळत राहिली.

भाऊबिजेच्या दिवशी पाचाला पाच मिनिटे कमी असताना नातू घड्याळासमोर येऊन उभा राहिला. त्याच्या बापाने ठोक्याला टॅब त्याच्या हातावर ठेवला. सात आणि आठ बिनचूक आले होते. नवात एक चूक होती.